चार वाक्यांचा हवालदार
(मंडळाच्या नाटकाच्या तालमी सुरू झाल्या त्या दिवशी केलेलं मनोगत)



मी रुळांच्या देखभालीतला डिप्लोमा इंजिनियर, वक्ता नाही. पण आज थोडं बोलायचं आहे, आणि एक कबुलीही द्यायची आहे.

आज मी सदाशिव अमरापूरकरांविषयी बोलणार आहे. जन्म ११ मे १९५०, नगरचा, म्हणजे आताच्या अहिल्यानगरचा. योगायोग बघा, त्यांचं मूळ नाव गणेश! आधी मराठी रंगभूमीवर कष्ट केले. 'हॅण्ड्स अप' या नाटकातलं काम पाहून गोविंद निहलानींनी त्यांना 'अर्धसत्य'मध्ये घेतलं. १९८३ सालचा हा चित्रपट. कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा विजय तेंडुलकरांची. ओम पुरींच्या अनंत वेलणकरसमोर अमरापूरकरांचा रामा शेट्टी. आरडाओरडा नाही, मारामारी नाही. नुसता शांतपणे बसून बोलतो, आणि बघणाऱ्याच्या पोटात गोळा येतो. या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला.

पुढे १९९१ साली 'सडक'मधली महाराणी. खलनायकासाठी फिल्मफेअरने वेगळा पुरस्कार सुरू केला, तो पहिला त्यांनाच मिळाला. 'आँखें', 'इश्क'मध्ये त्यांनी लोकांना हसवलंही. आणि श्याम बेनेगलांच्या 'भारत एक खोज'मध्ये, दूरदर्शनवर, महात्मा फुले त्यांनीच उभे केले. लहानपणी ती मालिका बघताना हाच तो व्हिलन, हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं!

पडद्यावर लोकांनी शिव्या घातल्या, पण पडद्याबाहेर हा माणूस सामाजिक कृतज्ञता निधी, नगरचं 'स्नेहालय' अशा कामांशी जोडलेला होता. २०१३ साली महाराष्ट्रात दुष्काळ असताना होळीत चाललेली पाण्याची नासाडी थांबवायला गेले, तर मार खावा लागला. ३ नोव्हेंबर २०१४ रोजी ते गेले.

त्याच २०१३ साली 'बॉम्बे टॉकीज' आला. त्यातली एक गोष्ट सत्यजित राय यांच्या कथेवरची. रस्त्यावरच्या एका माणसाला शूटिंगमध्ये काम मिळतं. काम काय, तर हिरोला धडकायचं! भूमिका नवाजुद्दीन सिद्दीकींची, आणि त्याला खडसावून भानावर आणणारा म्हातारा म्हणजे आपले अमरापूरकर. तो माणूस ती धडक इतकी जीव लावून वठवतो, की पैसे घ्यायलाही थांबत नाही.

आता कबुली. गेल्या वर्षी आपलं नाटक ऐन वेळी रद्द झालं. कारण काय, तर हवालदार मिळाला नाही. चार वाक्यांची भूमिका. नाही म्हणणारा मीच होतो. ड्युटीचं कारण सांगितलं, ते खोटं होतं. खरं असं, की त्याच महिन्यात माझ्यानंतर आलेला एक डिग्रीवाला माझा साहेब झाला होता. दिवसभर दुय्यम राहायचं आणि संध्याकाळी स्टेजवरही दुय्यम? मन मानेना. पण माझ्या त्या रुसव्यामुळे लहान मुलांची दोन महिन्यांची मेहनत वाया गेली. एका मुलीने मला विचारलं, "काका, ड्युटी संपली का हो?" तो प्रश्न वर्षभर माझ्या मनातून गेला नाही.

आमच्याकडे कीमॅन असतो. उन्हात, थंडीत, दिल्लीच्या धुक्यात रोज आपल्या बीटवर चालतो आणि सुटलेली चावी ठोकून बसवतो. राजधानीतल्या प्रवाशाला त्याचं नाव माहीत नसतं. पण त्याने ठरवलं की आपण दुय्यम, म्हणून आज जायचं नाही, तर गाडीचं काय होईल, हे इथल्या माझ्या सहकाऱ्यांना सांगायला नको. रोज हे पाहणाऱ्या मला स्टेजवर ते आठवू नये, याची लाज वाटते.

मित्रहो, साहेबाबद्दलची सल गेली असं मी म्हणणार नाही, ती आहे. पण अमरापूरकर दुसऱ्यांच्या चित्रपटांत काम करत राहिले, आणि आज हिरोचं नाव विसरलेला माणूससुद्धा महाराणीला विसरलेला नाही.

तेव्हा फरीदाबाद, नोएडा, गाझियाबादहून तालमीला येणाऱ्या सर्वांना एकच विनंती. भूमिकेची वाक्यं मोजू नका. यंदाचा हवालदार मी करतो आहे. चारही वाक्यं पाठ आहेत.

गणपती बाप्पा मोरया!