ओवी चालते, तर बोलणं का चालत नाही?

(पौड येथे महिला मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



सकाळपासून आपण रेशनवर बोललो, दारूच्या गुत्त्यावर बोललो, जंगलजमिनीच्या दाव्यांवर बोललो. मला दिलेला विषय आहे 'आकाशवाणी आणि आपली भाषा'. चहाच्या वेळी दोघीतिघी म्हणाल्या, "ताई, आता रेडिओ कोण ऐकतं? पोरं मोबाईल बघत्यात." खरं आहे. पण याच मुळशी तालुक्यात एका टोकाला हिंजवडी आहे आणि दुसऱ्या टोकाला ताम्हिणीकडच्या वाड्या आहेत. पावसाळ्यात तिथं वीज जाते ती दोन-दोन दिवस येत नाही, मोबाईलची रेंज शोधत टेकाडावर चढावं लागतं. आणि घरात मोबाईल एकच असला तर तो कुणाच्या खिशात असतो, हे मी तुम्हाला सांगायला नको. सेलवर चालणारा रेडिओ चुलीपाशी ठेवता येतो. भाकरी थापता थापता ऐकता येतो. त्याला वाचता यावं लागत नाही. म्हणून हा विषय मला जुना वाटत नाही.

आपल्या तालुक्याचं आणि या यंत्रांचं नातंही जुनं आहे. १९२१ साली इथल्या मावळ्यांनी सेनापती बापटांबरोबर टाटांच्या धरणाविरुद्ध सत्याग्रह केला. लढा १९२४ पर्यंत चालला आणि तरीही धरण झालं. त्या पाण्यावर भिऱ्याचं वीजघर १९२७ साली सुरू झालं. त्याच वर्षी जुलैमध्ये मुंबईत हिंदुस्थानातलं पहिलं रीतसर रेडिओ केंद्र सुरू झालं. मुंबईला वीज मिळाली, आवाज मिळाला. ज्यांची खाचरं पाण्याखाली गेली त्यांचा आवाज रेडिओवर यायला मात्र पुढची कित्येक वर्षं गेली.

पुण्याचं आकाशवाणी केंद्र २ ऑक्टोबर १९५३ रोजी सुरू झालं. या केंद्रानं आपल्याला पुष्कळ दिलं, ते नाकारून चालणार नाही. १९५५ च्या एप्रिलपासून इथूनच दर आठवड्याला गीतरामायण ऐकू येऊ लागलं. माणदेशाची बोली साहित्यात आणणारे व्यंकटेश माडगूळकर याच केंद्रावर ग्रामीण कार्यक्रमांचं काम करत होते. आणि १९५६ मध्ये इथं एक प्रयोग झाला, तो मला सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो. युनेस्कोच्या मदतीनं पाच जिल्ह्यांतल्या सुमारे दीडशे गावांत रेडिओ ऐकणारे गट केले गेले. आठवड्यातून दोनदा पुण्याहून अर्ध्या तासाचा कार्यक्रम लागायचा, असे वीस कार्यक्रम झाले. गट एकत्र बसून ऐकायचा, मग चर्चा करायचा, आणि गटाच्या शंका पत्रानं केंद्राकडे जायच्या. आम्ही समाजकार्याचं शिक्षण घेतलं तेव्हा टाटा समाजविज्ञान संस्थेनं केलेला या प्रयोगाचा अभ्यास आम्हाला वाचायला होता. रेडिओ नुसता बोलत नाही, ऐकूही शकतो, हे या आपल्या पुण्यानं जगाला दाखवून दिलेलं आहे. पुढे तीच पद्धत देशभर नेली गेली.

आता बाईकडे येते.

गीतरामायण घराघरांत ऐकलं जात होतं तेव्हा या डोंगरातल्या बाया पहाटे जात्यावर सीतेच्या ओव्या गात होत्या. त्या सीतेचं दुःख कुणा महाकवीनं सांगितलेलं नव्हतं, सासुरवाशिणीनं आपल्याच जिवावरून ओळखलेलं होतं. ही ओवी टिपण्याचं मोठं काम गी पॉइटविन आणि हेमा राईरकर यांनी मुळशी-मावळातल्या गरीब डोंगरी संघटनेच्या बायकांना बरोबर घेऊन सुरू केलं. हजाराहून अधिक गावांतून एक लाखाच्या वर ओव्या जमल्या. त्या आता 'परी' या संस्थेच्या संग्रहात आहेत, तिथं त्या ऐकता येतात.

ओवीला मान मिळाला, चांगलंच झालं. रेडिओवरही लोकगीत म्हणून बाईचा आवाज केव्हाच पोचला. पण माझं म्हणणं असं आहे की आपला आवाज गाण्यापुरता घेतला जातो. गाणं संपलं की माहिती सांगायला, सल्ला द्यायला, मत मांडायला दुसरी भाषा येते. तुमच्यातलीच एक मावशी मला म्हणाली होती, "ती रेडिओवरची बाई काय म्हनती ते कळतंय, पर ती आमास्नी बोलती असं वाटत न्हाई."

आरोग्याचंच घ्या. रेडिओवर डॉक्टर 'श्वेतप्रदर' म्हणतात, 'रजोनिवृत्ती' म्हणतात, 'गर्भाशय' म्हणतात. आपण म्हणतो अंगावरून पांढरं जातं, पाळी गेली, पिशवी. पिशवी काढायची की नाही हा प्रश्न घेऊन माझ्याकडे आलेल्या बायका मला माहीत आहेत. चाळिशीच्या आतल्या, दोन मुलं झाल्यावर पिशवीचं आता काय काम असं कुणीतरी सांगितलेल्या. 'गर्भाशय काढण्याआधी दुसऱ्या डॉक्टरांचं मत घ्या' हे वाक्य त्यांच्या कानावरून गेलेलंही असेल. ते आपल्यासाठी आहे हे त्यांना उमगलं नाही. भाषेचा प्रश्न असा थेट अंगापर्यंत येतो. अभिमान-बिभिमान नंतरची गोष्ट.

ही झाली मराठी बोलणाऱ्या बायांची कथा. आपल्यात मागच्या रांगेत कातकरी वाडीवरच्या मैत्रिणी बसल्या आहेत. (पुढे या ना, जागा आहे.) त्यांची घरातली बोली मराठीच्या कुळातली, पण आपली मराठी नव्हे. काथ पाडणारे म्हणून कातकरी. महाराष्ट्रात आदिम जमाती म्हणून शासनानं मानलेल्या तीन: कोलाम, माडिया गोंड आणि कातकरी. २०११ च्या जनगणनेत राज्यातले कातकरी पावणेतीन लाखांच्या वर होते. एवढी माणसं! आणि आपल्या गटातल्या एकीनंही रेडिओवर कातकरी बोलीत साधी एक सूचना ऐकलेली नाही. मी दोन वर्षं मुद्दाम विचारत आले आहे.

वनहक्काचा कायदा २००६ चा. त्यात स्पष्ट लिहिलंय की जमिनीचा पट्टा नवरा-बायको दोघांच्या नावानं व्हायचा. २०२३ च्या नोव्हेंबरमध्ये आदिम जमातींसाठी पीएम-जनमन योजना आली, घरकुल, रस्ता, पाणी. ही माहिती कुठल्या भाषेत वाडीवर पोचते? कचेरीच्या. तीही पुरुषाच्या तोंडून, अर्धी. दिवाळीनंतर अख्खी वाडी वीटभट्टीवर जाते, पावसाच्या तोंडाला परत येते. कचेरीतला कागद वाडीवर येतो तेव्हा वाडी रिकामी असते. रेडिओ भट्टीवरही लागतो.

एक अनुभव सांगते. केंद्राचं नाव घेत नाही, कारण ते आणखी कुठंही घडलं असतं. भट्टीवरच्या कामाबद्दल बोलायला मी दोन कातकरी बायकांना ध्वनिमुद्रणाला घेऊन गेले होते. एकीनं सुरुवात फार चांगली केली. उचल नवऱ्याच्या नावावर लिहितात आणि विटा दोघं पाडतात, मग माझ्या विटा गेल्या कुठं, असं तिनं विचारलं. समोरच्या साहेबांनी थांबवलं. म्हणाले, "जरा शुद्ध बोला, ऐकणाऱ्यांना कळलं पाहिजे." तिनं दोनदा प्रयत्न केला. मग ती गप्प झाली. शेवटी त्यांनी दोघींकडून एक गाणं म्हणून घेतलं आणि भट्टीची माहिती निवेदिकेनं वाचली. कार्यक्रम लागला तेव्हा उचलीचा प्रश्न त्यात नव्हता. साहेब वाईट नव्हते. चहा पाजला, एस.टी.चं भाडं दिलं. पण ऐकणारे म्हणजे कोण, हे त्यांच्या मनात ठरलेलं होतं, आणि त्यात ती नव्हती.

कायदा काय म्हणतो? प्रसार भारतीचा कायदा १९९० चा, अमलात आला १९९७ मध्ये. त्याच्या बाराव्या कलमात आकाशवाणीची कर्तव्यं लिहून ठेवली आहेत. निरनिराळ्या प्रदेशांतल्या भाषा आणि संस्कृतींना पुरेसं स्थान देणं, स्त्रियांच्या प्रश्नांकडे विशेष लक्ष देणं, अल्पसंख्य आणि आदिवासी समाजांच्या गरजा पाहून कार्यक्रम करणं. म्हणजे आपण भीक मागत नाही. १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी लिहिलेल्या निकालात तर ध्वनिलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे असं म्हटलं. पाणवठ्यासारखी. पाणवठा सगळ्यांचा म्हणून लढलेली आपली परंपरा आहे, तेव्हा हे आपल्याला कुणी समजावून सांगायला नको.

दूरच्या आयर्लंडमध्ये हेच झालं. तिथं पश्चिम किनाऱ्यावरच्या गरीब भागात आयरिश बोलणारे थोडे लोक उरले होते आणि सरकारी रेडिओवर इंग्रजीच फार. १९७० मध्ये कॉनमारातल्या तरुणांनी परवाना नसताना छोटं केंद्र चालवून दाखवलं. १९७२ मध्ये सरकारला 'रेडिओ ना गेलटाख्ता' सुरू करावा लागला, आणि त्याचं मुख्य ठाणं राजधानीत नाही, त्या बोलीच्याच मुलखात ठेवलं गेलं.

इतक्या लांब कशाला, शेजारच्या तेलंगणात या. जहिराबादजवळ माचनूर गावात दलित शेतकरी बाया 'संगम रेडिओ' चालवतात. १९९८ पासून त्या आपल्या तेलुगूत, म्हणजे शहर ज्याला गावंढळ म्हणतं त्या तेलुगूत, बियाण्यांवर, औषधांवर बोलणं टेपवर घेत होत्या. परवाना मिळेना, म्हणून दहा वर्षं संघांच्या बैठकीत टेप लावून ऐकवत होत्या. २००६ मध्ये सरकारनं संस्थांना परवाने खुले केले, आणि २००८ च्या ऑक्टोबरमध्ये त्या हवेत गेल्या.

मग आपणही आपलं केंद्र काढावं का? काहीजणी तसं म्हणतात. मला घाई नको वाटते. तसं केंद्र थोड्या मैलांपुरतं पोचतं आणि त्याचा खर्च संस्थेच्या गळ्यात पडतो. आणि आपण बाजूला झालो की मोठ्या केंद्राची जबाबदारी आपोआप सुटते. ती मला सोडायची नाही. २०२३ च्या जूनमध्ये पुण्याचा प्रादेशिक वृत्त विभाग बंद करून बातमीपत्रं छत्रपती संभाजीनगरकडे न्यायचं ठरलं होतं. पुण्यातून विरोध झाला, निर्णय स्थगित झाला. तेव्हा पेपरात पुण्याच्या मानाबद्दल बरंच लिहून आलं. पौडचं, मुठ्याचं, ताम्हिणीचं कुणी काही विचारलं नाही.

दुसरा आक्षेप आपल्यातल्याच शिक्षिका मैत्रिणींचा आहे. कातकरी मुलीला पुढं जायचं तर प्रमाण मराठी आलीच पाहिजे, बोलीत अडकवू नका. मराठी शिकू द्या, इंग्रजीही शिकू द्या. पण तिच्या आईला आज उचलीचा हिशेब विचारायचा आहे, तो मुलगी दहावी होईपर्यंत थांबत नाही.

आपण मागायचं ते थोडकं आहे. आठवड्यातून पंधरा मिनिटं कातकरीत, बोलणारी कातकरी बाईच, गाणं तिला वाटलं तर. आरोग्याच्या कार्यक्रमात डॉक्टरांच्या शेजारी आपल्यातली एक दाई किंवा आशाताई, म्हणजे 'पिशवी' हा शब्द माईकवर येईल. आणि १९५६ सारखे ऐकणारे गट पुन्हा, या वेळी बायांचे.

निवेदन मी लिहून आणलं आहे, ते वाचून दाखवते, खटकेल तिथं थांबवा. अंगठे आणि सह्या आजच घ्यायच्या. त्याबरोबर नमुनाही द्यायचा आहे. पुढच्या अमावास्येला वाडीवर बैठक आहे, भट्टीची उचल यायच्या आत. ज्यांच्या मोबाईलमध्ये आवाज भरता येतो त्यांनी तो चार्ज करून आणा. विटांच्या हिशेबापासून सुरुवात करू.