नाव कुणाचे? डॉ. कारोलिना विदेरस्ट्रॉम आणि स्वीडनमधील नावांची हकीकत
(विद्यार्थिनी मेळाव्यातील भाषण)

मेळाव्यात मी जे बोललो ते स्मरणिकेसाठी लिहून द्यावे, असा आपल्या चिटणीससाहेबांचा आग्रह झाला. बोलताना घड्याळाकडे पाहून दोन-तीन गोष्टी गाळाव्या लागल्या होत्या, त्या इथे पुन्हा घातल्या आहेत. तेवढी सवलत आपण द्यावी.

मी मूळचा मास्तर. बत्तीस वर्षे हजेरीपट बगलेत मारून वर्गात गेलो. एका वर्षी माझ्या आठवीच्या वर्गात शेख आयेशा नावाच्या चार मुली होत्या. मी वडिलांचे नाव जोडून हाका मारू लागलो, तर त्यातल्या दोघींचे वडील अब्दुल निघाले! शेवटी एकीला सगळा वर्ग 'खिडकीतली आयेशा' म्हणू लागला. पुढे तिच्या लग्नात मी जेवायला गेलो, तेव्हाही तिच्या मैत्रिणी तिला खिडकीतली आयेशाच म्हणत होत्या. तिची जागा दहावीत बदलली होती, पण नाव बदलले नाही.

हाच घोळ युरोपच्या उत्तर टोकाला, स्वीडनच्या फौजेत, काही शतकांपूर्वी झाला होता. तिथल्या शेतकरी कुटुंबांत आडनाव नसे. आंदेर्स नावाच्या माणसाचा मुलगा तो आंदेर्शोन, म्हणजे आंदेर्सचा मुलगा. मुलगी असेल तर आंदेर्सदोत्तेर, म्हणजे आंदेर्सची मुलगी. पुढच्या पिढीत बापाचे नाव बदलले की हेही बदलले. मोजकीच नावे सगळीकडे चालत असल्यामुळे एकाच पलटणीत कितीतरी आंदेर्स आंदेर्शोन जमत. मग शिपायाला फौजेपुरते एक आखूड नाव देत. कुणाला मोडिग म्हणजे धीट, कुणाला रास्क म्हणजे चपळ, कुणाला शेल्ड म्हणजे ढाल, तर कुणाला स्वेर्द म्हणजे तलवार. ठराविक शेतकऱ्यांनी मिळून एक शिपाई पोसायचा आणि त्याला राहायला लहानसे घर व जमिनीचा तुकडा द्यायचा, अशी तिथली पद्धत होती. गंमत अशी की पुष्कळदा नाव त्या घराला चिकटे. धीट शिपाई गेला, त्याच्या जागी दुसरा आला, की तोही धीटच. मग तो भित्रा का असेना!

आता त्या 'दोत्तेर'कडे जरा थांबून पाहा. शेतकऱ्याची मुलगी लग्न होऊन दुसऱ्या घरी गेली तरी ती आंदेर्सदोत्तेरच राहत असे. नवऱ्याचे नाव लावण्याची चाल सरदार-दरकदारांत आणि शहरी मध्यमवर्गात आधी रुजली, शेतकऱ्यांत फार उशिरा आली. आपल्यापैकी ज्यांना अरबी नावांची थोडी ओळख आहे त्यांना इथे 'बिन्त' हा शब्द आठवला असेल. इब्न म्हणजे मुलगा, बिन्त म्हणजे मुलगी. हजरत आयेशा निकाहानंतरही आयेशा बिन्त अबू बक्रच राहिल्या. नवऱ्याचे नाव बायकोच्या नावाला जोडण्याचा प्रघात त्या पद्धतीत नव्हताच. हे मी अशासाठी सांगतो की, बाईचे नाव लग्नाने बदलते हा जगाचा सनातन नियम आहे अशी पुष्कळांची समजूत असते. तसे काही नाही.

स्वीडनमध्ये धर्मोपदेशक आणि विद्वान मंडळींनी निराळीच वाट धरली. ते लॅटिन किंवा ग्रीक वळणाचे नाव घेत. वनस्पतिशास्त्रज्ञ कार्ल लिनियस यांचे नाव शाळेत सर्वांनी वाचले असेल. त्यांच्या वडिलांचे नाव निल्स इंगेमार्शोन. विद्यापीठात दाखल होताना आडनाव हवे, म्हणून त्यांनी आपल्या घराच्या जमिनीवरच्या भल्या थोरल्या लिंडच्या झाडावरून लिनियस असे नाव करून घेतले. ज्यांच्या मुलाने पुढे जगातल्या झाडापेडांना नावे दिली, त्या बापाने आपले नाव एका झाडाकडून घेतले होते! व्यापारी, कारागीर यांनी निसर्गातले शब्द जोडून आडनावे केली. बेर्ग म्हणजे डोंगर, लुंड म्हणजे राई, क्विस्त म्हणजे डहाळी, स्ट्रॉम म्हणजे प्रवाह. आपल्याकडे गावाला 'कर' लावून किंवा काझी, मुल्ला, इनामदार, देशमुख अशा हुद्द्यांवरून आडनावे झाली. त्यांनी रानावनातून उचलली.

आता ज्या बाईंसाठी मी हे सगळे पुराण लावले आहे, त्यांच्याकडे येतो. त्यांचे नाव कारोलिना विदेरस्ट्रॉम. आडनावातला स्ट्रॉम, म्हणजे प्रवाह, तुम्ही आता ओळखलाच असेल. कारोलिना हे कार्ल या नावाचे स्त्रीरूप, आणि कार्ल या जुन्या जर्मानिक शब्दाचा अर्थ पुरुष, स्वतंत्र माणूस. म्हणजे या मुलीच्या नावातच पुरुष दडलेला. पुढे त्या ज्या प्रसिद्ध वैद्यकसंस्थेतून डॉक्टर झाल्या तिचे नाव कारोलिन्स्का, तेही कार्लवरूनच आलेले. एक कार्लची कारोलिना कार्लच्याच दारात जाऊन उभी राहिली, आणि दार उघडायला बराच वेळ लागला.

कारोलिनाबाईंचा जन्म १० डिसेंबर १८५६ रोजी हेलसिंगबोर्ग या बंदराच्या गावी झाला. वडील व्यायामशिक्षक आणि गुरांचे डॉक्टर. मुलीने आपलाच व्यायामाचा धंदा उचलावा अशी त्यांची इच्छा होती, आणि तिने ती पुरीही केली. स्टॉकहोमच्या मध्यवर्ती व्यायामसंस्थेत ती शिकून तयार झाली. त्या काळी तिथे व्यायामाचा उपयोग रोगोपचारासाठीही होत असे, त्यामुळे शरीराचे शास्त्र तिच्या हातात आलेच होते. मग तिला वाटले, शास्त्र शिकायचे तर पुरते शिकावे.

स्वीडनमध्ये १८७० साली स्त्रियांना विद्यापीठप्रवेशाची परीक्षा देण्याची आणि वैद्यकी करण्याची परवानगी मिळाली होती. कागदावर मिळाली होती, असे म्हणा. कारोलिनाबाईंनी १८७९ मध्ये ती परीक्षा दिली, पुढच्या वर्षी उप्सालाच्या विद्यापीठात नाव घातले, मग स्टॉकहोमला कारोलिन्स्कात आल्या आणि १८८८ मध्ये वैद्यकीची अंतिम परीक्षा उत्तीर्ण झाल्या. स्वीडनमध्ये विद्यापीठाचे शिक्षण पुरे करून डॉक्टर झालेली ही पहिली स्त्री. परवानगी आणि पहिली डॉक्टर यांच्यामध्ये अठरा वर्षे गेली. कायदा मुलीला शाळेच्या फाटकापर्यंत आणतो. आत चालत तिलाच जावे लागते.

त्या डॉक्टर झाल्या आणि भाषेचीच पंचाईत झाली. स्वीडिश भाषेत डॉक्टर या शब्दाचे स्त्रीलिंगी रूप तयार होतेच: डोक्टोरिन्ना. पण त्याचा अर्थ डॉक्टरची बायको. प्रोफेसरची बायको ती प्रोफेसोर्स्का. हुद्दा नवऱ्याचा, शेपूट बायकोचे. स्वतः शिकून डॉक्टर झालेल्या बाईसाठी शब्दच नव्हता, कारण तशी बाईच नव्हती. म्हणून त्या सरळ 'डॉक्टर' झाल्या, पुरुषांसारख्याच. हसू नका! आपल्या गावातही 'डॉक्टरीणबाई आल्या' असे कुणी म्हटले तर आधी विचारावे लागते की औषध देणाऱ्या की औषध देणाऱ्याच्या घरच्या. पाटलीण, देशमुखीण, मास्तरीण हे सगळे शब्द त्याच कुळातले.

सरकारी जागेचे दार मात्र त्यांना बंद राहिले. १८०९ च्या राज्यघटनेत सरकारी पदांसाठी जन्माने स्वीडिश असलेले 'पुरुष' असा शब्द होता, आणि त्या एका शब्दावर स्त्री डॉक्टरांची अर्धी वाट अडली. ही अडचण १९२३ च्या कायद्याने दूर झाली आणि तो कायदा १९२५ मध्ये अमलात आला. तोवर कारोलिनाबाई सत्तरीला टेकल्या होत्या. त्यांनी स्टॉकहोममध्ये खाजगी दवाखाना चालवला आणि स्त्रियांचे रोग हाच आपला विषय केला. मुलींच्या शाळांत जाऊन शरीराची माहिती सांगणे हे त्यांचे दुसरे मोठे काम. ज्या गोष्टी आई मुलीला सांगायला लाजते त्या त्यांनी खडू-फळा घेऊन सांगितल्या. स्त्रियांच्या आरोग्यावरचे त्यांचे पुस्तक १८९९ मध्ये निघाले आणि पुढे अनेक वर्षे छापले जात होते.

नावाची आणखी एक बाजू त्यांनी पाहिली, ती फार कडू आहे. त्या काळी स्टॉकहोममध्ये शरीरविक्रय करणाऱ्या स्त्रियांची नावे पोलिसांच्या पटावर चढवली जात आणि त्यांची सक्तीने वैद्यकीय तपासणी होई. येणाऱ्या पुरुषांचा पट नव्हता. रोग मात्र दोघांनाही होतो, हे डॉक्टरला कुणी शिकवायला नको. कारोलिनाबाईंनी या पद्धतीला जाहीर विरोध केला. ती पद्धत १९१८ च्या कायद्याने संपली. त्याच वर्षी त्या स्त्रियांच्या मताधिकाराच्या देशव्यापी संघटनेच्या अध्यक्ष झाल्या, आणि १९२१ च्या निवडणुकीत स्वीडनमधील स्त्रियांनी संसदेसाठी प्रथम मत दिले. मतदारयादीत बाईचे नाव आले ते असे. त्यापूर्वी १९१२ ते १९१५ त्या स्टॉकहोमच्या नगरपरिषदेतही होत्या. लग्न त्यांनी केले नाही, त्यामुळे जन्माचे नाव अखेरपर्यंत राहिले. १९४९ मध्ये, वयाच्या ९२ व्या वर्षी, त्या वारल्या.

त्यांच्या मागोमाग १८९२ मध्ये डॉक्टर झालेल्या हेड्डा आंदेर्शोन यांच्याविषयी मेळाव्यात बोलायचे राहिले होते. त्यांची आई आणि आजी लुंड शहरात झाडपाल्याचे आणि हातगुणाचे औषध देणाऱ्या म्हणून नावाजलेल्या. म्हणजे वैद्यकी आईच्या बाजूने आलेली, आणि आडनावाचा अर्थ आंदेर्सचा मुलगा! एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस 'दोत्तेर' मागे पडून मुलीही 'शोन' लावू लागल्या, त्याचा हा परिणाम. १९०१ च्या सरकारी नियमाने कायमच्या आडनावाची पद्धत पक्की होत गेली. १९२० च्या विवाह कायद्याने तर बायकोने नवऱ्याचे आडनाव घ्यावे असेच ठरवले. ज्या काळात मत मिळाले त्याच काळात नाव गेले. आपले आडनाव राखण्याची मोकळीक १९६३ च्या कायद्याने दिली, आणि १९८२ च्या कायद्याने नवरा-बायकोला या बाबतीत सारखे केले. शेजारच्या आइसलँडने मात्र जुनी चाल सोडली नाही. १९८० मध्ये तिथे राष्ट्राध्यक्ष झालेल्या विग्दीस फिनबोगादोत्तिर या नावानेच सांगतात की त्या फिनबोगीची मुलगी.

आपल्याकडची हकीकतही त्याच वर्षांतली आहे. कारोलिनाबाई डॉक्टर झाल्या त्याच्या दोनच वर्षे आधी, १८८६ मध्ये, आनंदीबाई जोशी अमेरिकेत एम.डी. झाल्या. माहेरची यमुना, सासरी आनंदी झाली. पदवीवर नाव आले ते सासरचे. आणि बालपणी लावलेले लग्न कोर्टात नाकारणाऱ्या रखमाबाई विलायतेत शिकून डॉक्टर झाल्या, त्या सुरत-राजकोटला आयुष्यभर नुसत्या डॉ. रखमाबाई म्हणून ओळखल्या गेल्या.

हे सारे मला सुचले ते माझ्याच एका विद्यार्थिनीमुळे. तिचे नर्सिंगचे प्रमाणपत्र वडिलांच्या नावाने, रेशनकार्ड नवऱ्याच्या नावाने, आणि शाळेच्या दाखल्यावर नावातले एक अक्षर चुकलेले. ते अक्षर कदाचित माझ्याच हातून चुकले असेल. हजेरीपटावरून दाखला उतरतो. नोकरीची मुलाखत ती उत्तीर्ण झाली, पण एका कचेरीत कागद जुळेनात म्हणून नेमणूक अडली. प्रतिज्ञापत्र, गॅझेट, पुन्हा अर्ज, यात तिचे सव्वा वर्ष गेले. ती माझ्याकडे आली तेव्हा रागावली नव्हती. तिने एवढेच विचारले, "सर, यातली मी कोणती?"

कारोलिन्स्का संस्थेच्या आवारात आज एक इमारत आहे, विदेरस्ट्रोम्स्का हुसेत. म्हणजे विदेरस्ट्रॉमचे घर. प्रोफेसोर्स्कातले जे 'स्का' जुन्या काळी बाईला नवऱ्याच्या हुद्द्याशी बांधत असे, तसेच एक 'स्का' इथे कारोलिनाबाईंच्या स्वतःच्या नावापुढे लागून दारावर बसले आहे.

वाचकहो, आपल्या घरात यंदा दहावीला बसणारी मुलगी असेल, तर बोर्डाच्या अर्जावर तिचे नाव कसे पडले आहे ते सही करण्यापूर्वी पाहा. तिच्याकडूनच मोठ्याने वाचून घ्या, अक्षरन् अक्षर. दुरुस्ती करायची तर ती शाळा सुटण्याआधीच करून घेतलेली बरी.