फेरफाराची नोंद आणि बाजू मांडण्याचा हक्क

(कामगार कार्यकर्त्यांच्या अभ्यास शिबिरातील भाषण)



कारखान्यात एखाद्या कामगाराला कामावरून काढले, तर आपण लगेच विचारतो : आरोपपत्र दिले का? चौकशी झाली का? त्याला बाजू मांडू दिली का? पण त्याच कामगाराचे नाव गावाकडच्या सातबारावरून गळते, तेव्हा हे प्रश्न आपण विचारत नाही. तो घरचा मामला समजून सोडून देतो. आमच्या मते हे चूक आहे.

आपल्यातले कितीतरी जण पोटासाठी गाव सोडून मुंबई-पुण्याला आले. कोणी सुरतेला, कोणी इंदूर-भिलाईला गेले. गावी थोडीफार वडिलार्जित जमीन असते. वडील वारले की वारस नोंद होते आणि नेमके शहरातल्या भावाचे किंवा सासरी गेलेल्या बहिणीचे नाव राहून जाते. नोटीस चावडीवर लागते, तेव्हा हा भाऊ दुसऱ्या पाळीला मशीनवर उभा असतो.

कायदा मात्र एवढा आंधळा नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चे कलम १५० पाहा. फेरफार नोंदवहीत नोंद घेतली की तलाठ्याने (आता पदनाम ग्राम महसूल अधिकारी) तिची प्रत चावडीत लावायची. तेवढ्यावर काम भागत नाही. अभिलेखावरून ज्यांचा हितसंबंध दिसतो, त्या सर्वांना लेखी कळवायचे. कोणी हरकत घेतली तर ती विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत लिहायची आणि हरकतदाराला तिथल्या तिथे पोच द्यायची. संबंधितांवर नोटीस बजावल्याशिवाय नोंद प्रमाणित करता येत नाही, असे कलम स्पष्ट सांगते.

कलम १५५ लेखनातील चुका दुरुस्त करण्यासाठी आहे. आकडा चुकला, नाव चुकीचे लिहिले, तर दुरुस्ती करता येते. तीही पक्षकारांना नोटीस देऊनच. या कलमाच्या आडून एकाचे नाव काढून दुसऱ्याचे लावणे ही दुरुस्ती नव्हे. तो वादाचा निर्णय झाला, आणि वाद ऐकल्याशिवाय निर्णय नाही.

कोणी म्हणेल, फेरफाराने मालकी ठरत नाही, मग एवढा आग्रह कशाला? फेरफाराने मालकी निर्माण होत नाही किंवा संपत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने बलवंत सिंग विरुद्ध दौलत सिंग या १९९७ च्या निकालात सांगितलेच आहे. पण कलम १५७ प्रमाणे प्रमाणित नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी धरली जाते. पीककर्ज देताना बँक सातबारा पाहते. भूसंपादनाच्या मोबदल्याची नोटीसही सातबारावरच्या नावाने निघते. म्हणजे ज्याचे नाव गेले, त्यानेच वकील लावायचा, खाडे करायचे आणि वर्षानुवर्षे दिवाणी कोर्टाच्या पायऱ्या झिजवायच्या. म्हणून सुनावणी नोंदीच्या आधी हवी.

हे तत्त्व एका राज्यापुरते नाही. ओरिसा सरकारने बिनापाणी देई या सरकारी डॉक्टरांची जन्मतारीख दप्तरात बदलली आणि त्यांना सेवेतून निवृत्त केले. ज्या अहवालाच्या आधारे हे केले, तो त्यांना दाखवलाही नाही. १९६७ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, निर्णय प्रशासकीय असला तरी त्याने माणसाच्या हक्कांवर परिणाम होत असेल, तर त्याला बाजू मांडण्याची संधी दिलीच पाहिजे. प्रकरण नोकरीच्या दप्तराचे होते. जमिनीच्या दप्तराला न्याय वेगळा कसा असेल? गुजरातेत १३५-ड ची नोटीस असते. मध्य प्रदेशात नामांतरण म्हणतात, बिहारमध्ये दाखिल-खारिज. नावे वेगळी असली तरी हक्क तोच.

यात आमचा रोष तलाठ्यावर नाही. तोही नोकरदार आहे. एकेका सजात अनेक गावे त्याच्या गळ्यात असतात. पुरेशी माणसे भरा आणि नोटीस खरोखर बजावा, ही मागणी त्याच्याही हिताची आहे.

मग आपण काय करायचे? प्रत्येक शाखेने सभासदांना वर्षातून एकदा तरी सातबारा आणि फेरफार काढून पाहायला लावावे. फेरफाराच्या नोटिसा 'आपली चावडी' या सरकारी संकेतस्थळावर दिसतात. शाखेतल्या एखाद्या तरुणाने त्या पाहून द्याव्यात. हरकत तोंडी सांगू नये. लेखी द्यावी आणि पोच घेतल्याशिवाय उठू नये. निर्णय विरुद्ध गेला तर कारणांसह आदेशाची प्रत मागावी. कनिष्ठ महसूल अधिकाऱ्याच्या आदेशावर कलम २४७ खाली अपील आहे, मुदत साठ दिवसांची. नोटीसच मिळाली नसेल, तर अपिलात तोच पहिला मुद्दा घ्यावा. आणि बहिणींची नावे गाळून केलेल्या वारस नोंदीवर आपल्यापैकी कोणी सही करू नये. स्वतःसाठी सुनावणी मागणाऱ्याने घरातल्या बहिणीला ती नाकारणे शोभत नाही.

विनाचौकशी बडतर्फी आपण मान्य करत नाही. विनासुनावणी फेरफारही मान्य करायचा नाही, एवढे या शिबिरातून ठरवून जाऊ या.