भुयारावरचे दुकान



रुबेन ऑस्टलुंड या स्वीडिश दिग्दर्शकाने 2006 साली स्टॉकहोममध्ये स्वतः पाहिलेल्या एका फसलेल्या दरोड्याची हकीकत ‘इन्सिडेंट बाय अ बँक’ या अवघ्या 12 मिनिटांच्या लघुपटात पुन्हा उभी केली, आणि 2010 साली बर्लिनच्या महोत्सवात त्याला लघुपटांचा सर्वोच्च बहुमान मिळाला. त्यातला कॅमेरा दुरूनच सारे पाहत राहतो. बुरखाधारी इसम बँकेत शिरतात, आणि रस्त्यावरचे दोघे मित्र तो प्रसंग मोबाइलवर टिपण्याच्या खटपटीत गुंततात. आपल्याला हसू येते, आणि त्या हसण्याचाच संकोच वाटू लागतो.

तो पाहताना मला आपल्या नवी मुंबईतले जुईनगर आठवले. 2017 च्या नोव्हेंबरात, सुटीनंतरच्या सोमवारी, सेक्टर 11 मधील बँक ऑफ बडोदाच्या शाखेत लॉकरच्या खोलीला भगदाड पडलेले दिसले आणि 30 लॉकर रिते झालेले आढळले. चोरट्यांनी जवळचाच एक गाळा काही महिने आधी भाड्याने घेऊन, तेथे दुकान थाटून, मधल्या गाळ्यांच्या खालून भुयार खणले होते.

लोक त्या भुयाराविषयी कौतुकाने बोलले. माझे मन मात्र दुकानाच्या फळीपाशी अडते. तेथे कोणी मीठ मागितले असेल, कोणी बिस्किटांचा पुडा घेऊन सुटे पैसे मोजले असतील, आणि त्यांच्या पायांखालून उपसली जाणारी माती कदाचित त्यांच्याच शेजारणीच्या पाटल्यांच्या दिशेने सरकत असेल. याहून भीषण विनोद कोणता लेखक रचणार?

परंतु ऑस्टलुंडच्या कॅमेऱ्याला दूर राहणे परवडते, कारण त्याचा दरोडा फसलेला आहे. जुईनगरचा फसला नव्हता. लॉकरमध्ये काय ठेवले आहे याची यादी बँकेच्या दप्तरी नसते, त्यामुळे आईने लग्नात घातलेली मोहनमाळ फिर्यादीत केवळ तोळ्या-माशांपुरती उरते, तीही आठवणीतून सांगावी लागते. अशा चोरीत वार्षिक भाड्याच्या शंभरपटीपर्यंत भरपाईचे दायित्व बँकांवर घालणारे रिझर्व्ह बँकेचे निर्देश 2021 साली आले, म्हणजे या घटनेनंतर चार वर्षांनी.

कोणा मराठी दिग्दर्शकाने या प्रकरणावर लघुपट केलाच, तर त्याने कॅमेरा खुशाल रस्त्यापलीकडे, त्या दुकानासमोर ठेवावा. सोमवारी सकाळी मात्र त्याने रस्ता ओलांडावा, आणि दोन किल्ल्यांवाचून न उघडणाऱ्या लॉकरची आपली एक किल्ली मुठीत घट्ट धरून बँकेच्या दाराशी उभ्या असलेल्या बाईच्या शेजारी जाऊन थांबावे.