थकलेलं बिल आणि मोजमाप पुस्तक

दादरचा पदपथ किंवा लालबागचं गटार दुरुस्त झालं, की कंत्राटदाराचं बिल वॉर्ड ऑफिसात जातं: दादरचं ‘जी उत्तर’मध्ये, लालबाग-परळचं ‘एफ दक्षिण’मध्ये. पैसे निघतात ते मोजमाप पुस्तकातल्या नोंदींवर, आणि भांडणही बहुधा तिथेच सुरू होतं. जादा काम तोंडी सांगितलेलं असतं, नोंद नसते.

मुंबई महानगरपालिका अधिनियम, १८८८ नुसार ठरावीक रकमेवरचा करार लेखी आणि शिक्क्यानिशी हवा; नसेल तर तो महापालिकेवर बंधनकारक नाही. मग आधार उरतो करार अधिनियम, १८७२ च्या कलम ७० चा. फुकट करण्याचा हेतू नसताना केलेल्या कामाचा लाभ घेतला, तर भरपाई द्यावी लागते. बी. के. मंडल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६१ साली हे तत्त्व सरकारलाही लावलं.

दाव्याची मुदत साधारणपणे काम झाल्यापासून ३ वर्षं. कंत्राटदाराच्या स्मरणपत्रांनी, ती कितीही जाडजूड फाइल भरोत, मुदत वाढत नाही. मुदतीच्या आत मिळालेल्या लेखी कबुलीने वाढते. करारात लवादाचं कलम असेल तर प्रकरण लवादाकडे जातं, एरवी दिवाणी न्यायालयात. रिट याचिका जवळची वाट वाटते, पण वाद मोजमापाचाच असेल तर उच्च न्यायालय सहसा त्यात शिरत नाही.