विंदालूतला आलू

डुकराच्या मांसाचे नाव काढताच पुढल्या रांगेतले काही चेहरे आक्रसले, ते मी पाहिले. पण मरोळ-गोराईच्या ईस्ट इंडियन घरांत नाताळाला शिजणारे विंदालू आपण परके कसे मानावे? नाव पोर्तुगीज खरे : 'विन्यो' म्हणजे द्राक्षांची दारू, 'आल्यो' म्हणजे लसूण. आपल्या आलूचा, म्हणजे बटाट्याचा, त्यात काडीचाही संबंध नाही! पोर्तुगीज मांस दारूत आणि लसणीत मुरवीत. इकडे द्राक्षे कुठली? माडीचा शिरका आला, मिरची आली. आंबटाने मांस मऊ पडते, टिकतेही. १७३९ साली मराठ्यांनी वसई घेतली, पोर्तुगीज गेले. चुलीवरचे मडके मात्र उतरले नाही. आणि ते ढवळता ढवळता तिथली आजी सुनेला रागावते, ते मराठीतच.