हरलेला खटला
(न्यासाच्या सुवर्णमहोत्सवी सभेत एका वकील भगिनीने केलेले भाषण)



महोत्सवात गोड बोलावे असा संकेत आहे. मी मात्र एका हरलेल्या खटल्याची हकीकत सांगावयास उभी आहे.

१९१३ साली श्रीमंत सयाजीराव महाराजांच्या शिष्यवृत्तीवर भीमराव आंबेडकर अमेरिकेस गेले. १९१७ साली ते संस्थानच्या नोकरीसाठी याच शहरी आले, तेव्हा जातीपायी त्यांना राहावयास जागा मिळेना. ही लाजिरवाणी गोष्ट आपणांस ठाऊक आहेच. दार बंद होणे म्हणजे काय, हे त्यांना कोणी शिकवावे लागले नाही.

पुढे १९३४ साली मुंबईच्या कोर्टात ते प्रा. रघुनाथ धोंडो कर्वे यांचे वकील म्हणून उभे राहिले. कर्व्यांनी १९२१ साली संततिनियमनाचे केंद्र काढले होते. त्याच साली लंडनमध्ये मेरी स्टोप्सबाईंनीही काढले. या कार्यापायी कर्व्यांची प्राध्यापकी गेली. 'समाजस्वास्थ्य' मासिकात ते वाचकांच्या शंकांना उत्तरे देत, आणि त्या उत्तरांवरच अश्लीलतेचा खटला भरला गेला. लैंगिक विषयावर लिहिले एवढ्याने ते अश्लील ठरत नाही, हे बॅरिस्टरसाहेबांचे म्हणणे कोर्टास पटले नाही. २०० रुपये दंड झाला.

कारखान्यांतील बाळंतिणींस विश्रांती व भत्ता देणाऱ्या विधेयकास त्यांनी १९२८ सालीच कौन्सिलात पाठिंबा दिला होता. १९३८ साली त्यांच्या वतीने श्री. रोहम यांनी मुंबई विधानसभेत संततिनियमनाच्या सोयींचा ठराव मांडला. बाजूने ११ मते, विरुद्ध ५२. पुन्हा हार!

आज कायदा पुष्कळ पुढे आला आहे. १९७१ च्या गर्भपातविषयक कायद्याने सज्ञान स्त्रीची स्वतःची संमती पुरते. यजमानांची सही लागत नाही. तरी माझ्याकडे आलेल्या एका बाईंना एका दवाखान्याने 'मालकांची सही आणा' म्हणून तीनदा परत धाडले. मालक परमुलखात नोकरीला! मी कलम कागदावर उतरवून दिले, तेव्हा काम झाले. पण मध्ये चार आठवडे गेले, आणि येथे आठवडेच मोजले जातात. २०२१ च्या दुरुस्तीनंतर २० आठवड्यांपर्यंत एका डॉक्टरांचे मत पुरते. पुढे २४ पर्यंत दोघांचे लागते, तेही नियमांत बसणाऱ्या स्त्रियांपुरते. कलम घरी ठेवून भागत नाही. ते सांगणारे माणूस जवळ लागते.

म्हणून आपल्या दवाखान्यात आठवड्यातून एक दुपार स्त्री-डॉक्टर व सल्ल्याची सोय असावी, असा अर्ज मी गेल्या वर्षी दिला. देणगीदार काय म्हणतील, असे मला विचारण्यात आले. देणगीदारांच्या घरीही लेकीसुना आहेत, एवढेच मी म्हटले.

अर्ज अजून मंडळापुढे आहे. खोली जिन्याखालची चालेल. तिला मागच्या गल्लीतून दार आहे. बाईमाणसाला सगळ्या रांगेसमोरून जावे लागणार नाही.